इथे शंभर कोण? : शेकडेवारीच्या शाब्दिक उदाहरणांविषयी वाचकांचे प्रश्न

या महिन्यात आलेल्या पत्रांत शेकडेवारीविषयीची पत्रे इतकी होती की इतर विषय पुढील अंकासाठी राखून ठेवावे लागले. पत्रे संक्षिप्त केली आहेत.

प्रश्न : माझी मुलगी सहावीत आहे. ‘४०० चे १५ टक्के किती?’ असे विचारले तर ती तोंडी ६० सांगते. मात्र तोच हिशेब शाब्दिक उदाहरणात आला की तिचा गोंधळ उडतो. परवा ‘एका शाळेत ४० टक्के मुली आहेत आणि मुलगे २४० आहेत, तर मुली किती?’ या उदाहरणात तिने २४० चे ४० टक्के काढून ९६ असे उत्तर लिहिले. मी ‘क्ष’ मानून समीकरण मांडून दाखवले, पण ते तिच्या डोक्यावरून गेले. समीकरणाशिवाय हे कसे शिकवावे?
— एक पालक, संगमनेर

उत्तर : आपल्या मुलीचा गुणाकार चुकलेला नाही, तिने शंभर म्हणून चुकीची संख्या धरली. उदाहरणात एकच मोठी संख्या डोळ्यांसमोर होती आणि एक टक्केवारी होती. दोन्ही एकमेकांशी भिडवल्या की उत्तर येते, असा मुलांचा अनुभव असतो, कारण त्यांनी आधी सोडवलेली वीस-पंचवीस उदाहरणे खरोखरच तशी सुटलेली असतात. म्हणून पाटीवर आकडा उतरवण्यापूर्वी तिला एकच प्रश्न विचारण्याची सवय लावावी : इथे शंभर कोण? या उदाहरणात शंभर टक्के म्हणजे मुलगे नव्हेत, तर शाळेतील सगळी मुलेमुली, आणि तो आकडा तर उदाहरणात दिलेलाच नाही.

आता एक लांबट पट्टी काढून तिचे दहा सारखे चौकोन करायला सांगावे. पट्टी म्हणजे पूर्ण शाळा आणि एक चौकोन म्हणजे दहा टक्के. चार चौकोन मुलींचे म्हणून रंगवले की सहा कोरे राहतात. ते मुलग्यांचे, आणि त्यांत मिळून २४० मुलगे बसले पाहिजेत. म्हणजे एका चौकोनात ४० आणि मुलींच्या चार चौकोनांत १६०. इथे ‘क्ष’ कुठेच आला नाही, तरी जे समीकरण आपण मांडले होते तेच पट्टीवर मांडले गेले. पुढे समीकरण आले की तिला ते ओळखीचे वाटेल.

शंभर कोण हे ओळखण्याची खूण मराठी वाक्यात बहुधा शब्दाच्या शेपटीला असते. ‘विद्यार्थ्यांपैकी ४० टक्के’, ‘पगाराच्या ३० टक्के’, ‘छापील किमतीवर १० टक्के सूट’, ‘गतवर्षीपेक्षा २५ टक्क्यांनी जास्त’ अशा वाक्यांत पैकी, च्या, वर आणि पेक्षा ही शेपटी ज्या शब्दाला चिकटलेली असेल तो शब्द शंभर. उदाहरण वाचताना त्या शब्दाभोवती पेन्सिलने गोल करावा. ‘शाळेत ४० टक्के मुली’ या वाक्यात ही खूण पुसट आहे. तिथे नुसता ‘त’ आहे आणि ‘शाळेत’ म्हणजे शाळेतील सर्वांत, हे मुलाने स्वतः भरून घ्यायचे असते. त्यामुळेच हे उदाहरण दिसते तितके सोपे नाही.

हीच शेपटी टक्क्यालाच लागली तर अर्थ उलटा होतो, हेही एकदा दाखवून ठेवावे. ५०० रुपयांच्या वस्तूची किंमत ‘२० टक्क्यांनी उतरली’ तर ती ४०० होते, आणि ‘२० टक्क्यांवर उतरली’ तर १०० होते. ‘नी’ आणि ‘वर’ एवढ्या फरकाने तीनशे रुपयांचे अंतर पडते. मुले गणित घाईने वाचतात आणि नेमकी ही अक्षरे गिळतात, म्हणून उदाहरण एकदा मोठ्याने वाचून घेणे हा फार जुना आणि अजूनही चांगला उपाय आहे.

आता थोडा वेगळा, पण याच जातीचा दोष सांगतो. काही वर्षांपूर्वी सहावीच्या वर्गात मी एका मुलाला फळ्यावर ३०० चे २० टक्के काढायला उभे केले. त्याने शांतपणे ३०० ला २० ने भागून १५ लिहिले. कारण विचारले तर म्हणाला, “सर, दहा टक्क्यांना दहाने भागायचं, मग वीस टक्क्यांना वीसनेच ना?” वर्ग हसला, पण त्या मुलाचा तर्क सरळ होता. दहा टक्क्यांसाठी दहाने भागायचे हा नियम मीच आदल्या दिवशी सांगितला होता, आणि तो नियम जुळतो तो दहा शंभरात नेमके दहाच वेळा बसतात या योगायोगामुळे, हे सांगायचे राहून गेले होते. मी त्याला पट्टी काढायला लावली. दोन चौकोन रंगवल्यावर त्याने वर न बघताच १५ पुसून ६० लिहिले. तेव्हापासून मी दहाने भागण्याची युक्ती पट्टीच्या आधी कधीच सांगत नाही.

यानंतरची पायरी म्हणजे उरलेल्या भागावरून पूर्ण काढणे. ‘उत्तीर्ण होण्यासाठी ३५ टक्के गुण लागतात. एका विद्यार्थ्याला १८० गुण मिळाले आणि तो ३० गुणांनी अनुत्तीर्ण झाला, तर परीक्षा एकूण किती गुणांची?’ हे उदाहरण शिष्यवृत्तीच्या तयारीत हमखास भेटते. मुले इथे १८० चे ३५ टक्के काढू लागतात. शंभर कोण? परीक्षेचे एकूण गुण. मग ३५ टक्के म्हणजे किती गुण? मिळालेले १८० आणि कमी पडलेले ३० मिळून २१०. म्हणजे एक टक्का ६ गुणांचा आणि परीक्षा ६०० गुणांची. ‘एक टक्का केवढ्याचा?’ हा आपल्या ओळखीच्या एकमान पद्धतीचाच प्रश्न आहे. शंभर कोण हे कळल्यानंतर शेकडेवारीतली बहुतेक उदाहरणे या एका प्रश्नावर सुटतात.

नफातोट्याकडे वळताना मात्र एक गोष्ट मुलांना तर्काने सापडणार नाही, ती सांगावीच लागते. ‘शेकडा २० नफा’ असे म्हटले आणि कशावर ते सांगितले नाही, तर तो खरेदी किमतीवर समजायचा, हा संकेत आहे. सूट मात्र छापील किमतीवर असते. त्यामुळे एकाच उदाहरणात शंभर दोन ठिकाणी असू शकतात. एका साडीची खरेदी किंमत ६०० रुपये आहे, छापील किमतीवर १० टक्के सूट देऊनही दुकानदाराला शेकडा २० नफा होतो, तर छापील किंमत किती? पहिली पट्टी ६०० ची, तिच्यावर २० टक्के चढवले की विक्री ७२०. दुसरी पट्टी छापील किमतीची, तिचा एक चौकोन सुटीत गेला आणि उरलेल्या नऊ चौकोनांत ७२० बसले. एक चौकोन ८० चा, छापील किंमत ८००. दोन पट्ट्या एकाखाली एक काढल्या तर घोटाळा होत नाही. एकाच पट्टीवर सगळे कोंबले, किंवा ‘२० अधिक १० म्हणून ३० टक्के’ असे केले, तर ७८० येतात आणि मूल पडताळा न घेता पुढे जाते. पडताळाही शिकवावा : ७८० वर दहा टक्के सूट ७८ रुपये, म्हणजे विक्री ७०२ आणि नफा १०२. सहाशेवर शेकडा वीस म्हणजे १२० व्हायला हवे होते.

प्रश्न : माझे विद्युत उपकरणांचे लहान दुकान आहे. करासहित ११८० रुपयांची वस्तू विकल्यावर मुलगा जीएसटी वेगळा काढताना ११८० चे १८ टक्के करतो आणि माझ्याशी वाद घालतो. मी म्हणतो १८० रुपये, तो म्हणतो २१२ रुपये ४० पैसे. तो दहावीत आहे आणि गणितात हुशार आहे, म्हणून पत्र.
— एक दुकानदार, नांदेड

उत्तर : आपण म्हणता ते बरोबर आहे. कर मूळ किमतीवर लागतो, त्यामुळे शंभर ती मूळ किंमत आणि ११८० रुपये म्हणजे ११८ टक्के. एक टक्का १० रुपयांचा, मूळ किंमत १००० आणि कर १८०. बिलावर तो केंद्राचा ९ टक्के आणि राज्याचा ९ टक्के असा प्रत्येकी ९० रुपये दिसतो. चिरंजीवांना त्यांचाच आकडा तपासायला सांगावा : ११८० मधून २१२.४० वजा केले की ९६७.६० उरतात. त्यांवर पुन्हा १८ टक्के चढवून ११८० येतात का ते पाहावे. साधारण ११४१ रुपये ७७ पैसे येतील आणि वाद आपोआप मिटेल. १०० वर १८ चढतात तेव्हा ११८ मधले १८ हे ११८ च्या सव्वापंधरा टक्क्यांच्या आसपासच असतात, हे त्याला स्वतः काढू द्यावे.

प्रश्न : मी सातवीत आहे. दिवाळीच्या सेलमध्ये ‘५० + २० टक्के सूट’ असे लिहिले होते. बाबा म्हणाले ७० टक्के सूट आहे. पण दुकानात बिल जास्त आले. दुकानदाराने फसवले का?
— एक विद्यार्थिनी, ठाणे

उत्तर : नाही, फसवले नाही. पण पाटी मात्र मुद्दामच तशी लिहिली होती. १००० रुपयांचा ड्रेस घे. पहिल्या ५० टक्क्यांनंतर ५०० उरले. पुढची २० टक्के सूट या ५०० वर, म्हणजे १०० रुपये. बिल ४००, सूट एकूण ६० टक्के. दुसऱ्या सुटीच्या वेळी शंभर बदलला. आता तू बाबांना एक कोडे घाल : एखादी किंमत आधी २० टक्क्यांनी वाढवली आणि मग २० टक्क्यांनी कमी केली तर ती पूर्वीइतकी होईल का? १०० रुपयांपासून सुरुवात करायला सांग. उत्तर ९६ यायला हवे.

प्रश्न : मी पंचाहत्तरीचा आहे. आम्ही पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अगदी औटकीसुद्धा, असे अपूर्णांकांचे पाढे पाठ केले होते. शेकडा काढायला आम्हाला कागद लागत नसे. नातवाला मात्र प्रत्येक वेळी शंभराने भागून गुणाकार करावा लागतो. जुनी पद्धत त्याला शिकवावी की त्याने तो गोंधळून जाईल? आणि पुस्तकात शतमान, बाजारात टक्के, आम्ही म्हणायचो शेकडा, या तिन्हींत फरक आहे का?
— एक वाचक, पुणे

उत्तर : आपला अनुभव ज्या काळातला आहे त्यात शंभराच्या जोडीला सोळाही होते, हे आधी लक्षात घ्यावे लागेल. रुपया सोळा आण्यांचा होता, आणि ‘रुपयाला आणा’ म्हणजे सव्वासहा टक्के, दोन आणे म्हणजे साडेबारा, चार आणे म्हणजे पंचवीस. १ एप्रिल १९५७ पासून रुपयाचे शंभर पैसे झाले आणि हळूहळू पैसा हाच टक्का झाला. त्याची साक्ष शेतीच्या भाषेत अजून आहे. पिकाच्या अंदाजाला पूर्वी आणेवारी म्हणत, आज पैसेवारी म्हणतात, आणि गावाची पैसेवारी ५० पैशांहून कमी आली की दुष्काळाची चर्चा सुरू होते. ५० पैसे म्हणजे आठ आणे, म्हणजे शेकडा पन्नास. नातवाला हे सांगितले तर आवडेल असे वाटते.

अपूर्णांकांचे पाढे शिकवावेत, पण पाठांतर म्हणून नव्हे. साडेबारा टक्के म्हणजे आठवा हिस्सा, पंचवीस म्हणजे पाव, पंचाहत्तर म्हणजे पाऊण, आणि दीडशे टक्के म्हणजे दीडपट, एवढी सांगड त्याच्या मनात बसली की ६४८ चे साडेबारा टक्के काढताना तो १२.५ ला शंभराने भागणार नाही. सरळ आठाने भागून ८१ म्हणेल. परीक्षेत पायऱ्या लिहाव्या लागतात, त्या लिहू द्याव्यात. मनात उत्तर आधी आले असेल तर त्या पायऱ्यांत झालेली चूकही त्याला लगेच दिसते.

शतमान, शेकडा, टक्का हे तिन्ही शब्द हिशेबापुरते एकच. फरक पडतो तो काळाचा. शाळेतल्या सरळव्याजात द.सा.द.शे. लिहिलेले असते, म्हणजे दर साल दर शेकडा. आपल्याकडे खाजगी उसनवारीत मात्र ‘तीन टक्क्यांनी पैसे उचलले’ याचा अर्थ बहुधा दर महा शेकडा तीन असा असतो, आणि तो वर्षाला छत्तीस होतो. या चालीला मोठा वारसा आहे. ११५० मध्ये भास्कराचार्यांनी लिहिलेल्या ‘लीलावती’त पंचराशिकाचे, म्हणजे पाच संख्यांवरून सहावी काढण्याचे, एक उदाहरण आहे : शंभरावर महिन्याला पाच व्याज, तर सोळांवर वर्षाला किती? वर्षाचे शेकडा साठ, म्हणून सोळांचे नऊ पूर्णांक तीन पंचमांश. ‘दर महा’ हे दोन शब्द न वाचणारा विद्यार्थी तेव्हाही असेच चुकत असणार. नातवाला हे उदाहरण घालून पाहावे आणि त्याने आधी महिन्याचे वर्ष केले की आधी शंभराचे सोळा केले, ते कळवावे. दोन्ही वाटांनी उत्तर एकच येते.

प्रश्न : फेब्रुवारी २०२५ मध्ये ‘रेपो दर पाव टक्क्याने कमी’ अशी बातमी होती. रिझर्व्ह बँक इतर बँकांना ज्या दराने कर्ज देते तो हा दर ६.५० टक्क्यांवरून ६.२५ टक्के झाला. आपल्या नियमाप्रमाणे ६.५० चा पाव टक्का म्हणजे फारच थोडी घट व्हायला हवी होती. बातमी चूक होती का?
— एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : बातमी प्रचलित भाषेत बरोबर होती. दर स्वतःच टक्क्यांत सांगितला जातो तेव्हा ‘पाव टक्क्याने’ म्हणजे टक्क्यांच्या मोजपट्टीवर पाव खूण खाली, असा अर्थ घेतात. इथे शंभर म्हणजे कर्जाची रक्कम, दर नव्हे. दराला शंभर मानले तर ही घट ३.८५ टक्क्यांच्या जवळपास भरते. निवडणुकीतील मतटक्का किंवा एखाद्या परीक्षेचा निकाल मागच्या वर्षीशी ताडून पाहतानाही हाच पेच येतो. निकाल ८० वरून ८४ टक्क्यांवर गेला तर वर्तमानपत्र ‘चार टक्क्यांनी वाढला’ म्हणेल आणि गणिताचा शिक्षक पाच टक्क्यांनी म्हणेल. परीक्षेतील उदाहरणात शिक्षकाचा अर्थ धरावा.

प्रश्न : उन्हाळ्यात उजनी धरणात ‘उणे’ टक्के पाणी असल्याच्या बातम्या येतात. पाचवीतला मुलगा विचारतो, शून्य टक्के म्हणजे काहीच नाही, मग उणे म्हणजे काय? धरणात तर पाणी दिसते. मला उत्तर देता आले नाही.
— एक पालक, पंढरपूर

उत्तर : मुलाचा प्रश्न अतिशय योग्य आहे. उजनीत, म्हणजे यशवंतसागरात, पूर्ण भरल्यावर सुमारे ११७ टीएमसी पाणी मावते. एक टीएमसी म्हणजे एक अब्ज घनफूट. त्यांपैकी सुमारे ६३.६६ टीएमसी मृतसाठा, म्हणजे नेहमीच्या वापरासाठी न धरलेले तळचे पाणी, आणि त्याच्या वरचा सुमारे ५३.५७ टीएमसी उपयुक्त साठा आहे. बातमीतले टक्के उपयुक्त साठ्याचे असतात, म्हणून इथे शंभर म्हणजे ५३.५७ आणि शून्य म्हणजे मृतसाठ्याची वरची कड. धरणाचा तळ नव्हे. पाणी त्या कडेच्या खाली गेले की मोजणी उणे सुरू होते. उजनीचा मृतसाठा उपयुक्त साठ्याहून मोठा असल्याने ही वेळ तिथे वारंवार येते.

मुलाकडून हा हिशेब करून घ्यावा. समजा, धरणात एकूण ५० टीएमसी पाणी आहे. मृतसाठ्याची कड गाठायलाच १३.६६ टीएमसी कमी पडतात. ५३.५७ ला शंभर मानले तर ही तूट साधारण साडेपंचवीस टक्के, म्हणून बातमीत ‘उणे साडेपंचवीस’. तेच ५० टीएमसी एकूण ११७ टीएमसीशी ताडले तर धरण जवळजवळ ४३ टक्के भरलेले आहे. पाणी एक थेंबही बदललेले नाही. त्याने काठावरून पाहिले ते या दुसऱ्या हिशेबातले पाणी, आणि कालव्याच्या पाण्याची वाट पाहणारा शेतकरी पहिला हिशेब वाचतो. पावसाळ्यात १०५, ११० टक्के असे आकडे छापून येतात तेव्हा त्यालाच विचारावे की ११० टक्क्यांना एकूण किती टीएमसी पाणी असेल. ५३.५७ चे ११० टक्के काढून झाल्यावर ६३.६६ मिळवायला तो विसरतो का, एवढे पाहावे.